चॅनेलवर बसण्याआधी

रत्नागिरीतून तू चॅनेलवरच्या राजकीय चर्चांना विश्लेषक म्हणून बसायला लागलास, याचा मनापासून आनंद वाटतो. मुंबईत बसून कोकणावर बोलणारे पुष्कळ आहेत, साखरीनाट्याच्या मच्छीमारांचं ऐकून बोलणारे फार थोडे.

आधी निवडणूक आयोगाचा फॉर्म २० वाचायला शीक. त्यात मतदान केंद्रानुसार मतं असतात. बंदरावरचं केंद्र आणि सड्यावरच्या (वरच्या पठारावरच्या) वाडीचं केंद्र शेजारी ठेवून बघ, म्हणजे ‘कोकणी माणूस अमक्याच्याच मागे आहे’ असं तोंडातून निघणार नाही. इतिहास पक्का हवा. राजापूर मतदारसंघातून आधी नाथ पै खासदार, मग १९७१ ते १९९१ मधु दंडवते. २००९ पासून मतदारसंघ रत्नागिरी-सिंधुदुर्ग झाला, हद्दी बदलल्या, तेव्हा जुन्या निकालांशी थेट तुलना नको.

डॉक्युमेंटरीचं गणित निराळं. तिथे विचारणाऱ्याचा आवाज बहुतेकदा कापतात, म्हणून प्रश्न उत्तरातच घ्यायचा. ‘हो, ती रद्द झाली’ हे वाक्य एडिटरच्या काही कामाचं नाही. ‘नाणार रिफायनरीच्या भूसंपादनाची अधिसूचना २०१९ मध्ये रद्द झाली’ असं पूर्ण बोल. तासभराच्या मुलाखतीतली दोन मिनिटं राहतात आणि कुठली, ते तुझ्या हातात नसतं. संमतीपत्र वाचूनच सही कर.

मानधनावर घर चालत नाही, वकिली सोडू नकोस. पोट दुसरीकडे भरलं तरच पक्षाची गाडी नि पाकीट परत पाठवता येतं (आणि ते पाठवायचंच). पावसाळ्याआधी इन्व्हर्टर मात्र घे. लाईट नेमकी लाइव्हच्या वेळी जाते.