मिसळ खाल्लीस, पण सही कशावर केलीस?

पोरी, तुझं पत्र दोनदा वाचलं. पाचवी-सहावीत असताना दोन वर्षं सिरीयल केलीस, घराघरात ओळखायचे, आता १८ पूर्ण झाली तर ऑडिशनला "चेहरा अजून लहान वाटतो" म्हणून परत पाठवतात, आणि बाबांनी तुझ्यासाठी नोकरी सोडली त्याचं तुला वाईट वाटतं. हे नोकरीचं तीन वेळा लिहिलंयस, मोजलं मी.

कामाचं आधी उरकते. उर्मिला मातोंडकर बालकलाकार होती तो मासूम १९८३ चा आणि हिरॉईन म्हणून गाजली तो रंगीला १९९५ चा, मधे १२ वर्षं. चेहरा बदलतो गं, थांब जरा.

पण पत्राच्या शेवटी तू एक ओळ सहज टाकून गेलीस, वाढदिवसाच्या दुसऱ्या दिवशी बाबा बँकेत घेऊन गेले, चार-पाच कागदांवर सह्या केल्या, मग मिसळ खाल्ली. आणि लगेच पुढच्या ओळीत परत ऑडिशन! अगं, कसल्या सह्या?? विचारलंस तरी का?

२०१७ पासून नियम आहे, बालकलाकाराच्या कमाईतले निदान २० टक्के त्याच्याच नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत एफडी करायचे, १८ झाल्यावर ते पैसे त्याचे. तू काम केलंस तेव्हा हा नियम लागू होता. तूच लिहिलंयस पर डे ३०००, महिन्याला वीसेक दिवस. पेन घेऊन बसले मी, दोन वर्षांचे १४ लाख ४० हजार होतात, त्याचे २० टक्के म्हणजे २ लाख ८८ हजार, व्याज वेगळं. आणि १८ झाल्यावर त्या खात्याला पालकाची सही चालत नाही, तुझीच लागते. म्हणून ती बँकेची घाई, कळलं?

बाबा तसे नाहीत असं तू लिहिशील. नसतील. पण त्यांनी नोकरी सोडली तेव्हा घर कशावर चाललं? दहा वर्षाच्या मुलीच्या पर डे वरच ना! मग उपकार कोणाचे कोणावर, आणि वाईट तुला का वाटतंय? अमेरिकेत जॅकी कूगन नावाचा पोरगा होता, १९२१ मधेच चॅप्लिनसोबत काम करून स्टार झालेला, मोठा झाल्यावर पैसे मागितले तर आई आणि सावत्र बाप म्हणाले ते आमचे. कोर्टात गेला, लाखो डॉलर कमावलेल्या पोराच्या हातात १ लाख २६ हजार आले. त्याच्यामुळे तिकडे १९३९ मधे कायदा झाला. त्याने निदान विचारलं तरी!

सोमवारी बँक उघडली की जा. आधार, पॅन घे, बाबांना घेऊ नकोस, आईलाही नको. काउंटरवर सांग, माझ्या नावावर किती एफडी होत्या, किती मोडल्या आणि पैसे कुठल्या खात्यात गेले ते द्या. नुसतं तोंडी ऐकून येऊ नकोस, शिक्का मारलेला कागद घे. सह्या केलेल्या कागदांच्या कॉपीपण माग.

आकडा मला कळव, मग ऑडिशनचं बोलू.

– मावशी