येळ अमावस्येत वेळ नाही, तीळ आहेत

बेळगाव जिल्ह्यातल्या अथणीकडून प्रश्न असा आला आहे: "आमच्या अथणीकडे म्हातारी माणसं 'येळ अमावस्या' म्हणतात. शाळेच्या फळ्यावर 'वेळ अमावस्या' लिहितात, वर्तमानपत्रांत 'वेळा अमावस्या' येतं. शुद्ध कोणतं? आणि दोन शब्द जोडून लिहायचे की तोडून?"

मार्गशीर्षातली अमावस्या, शेतात जाऊन जेवायचा दिवस, हे सांगत बसत नाही. 'अमावस्या' की 'अमावास्या' हा वादही नको, दोन्ही चालतात. खरी गोम 'वेळ'मध्ये आहे.

दर डिसेंबरात कुणीतरी लिहितंच: ही शुभ वेळेची अमावस्या, भूमातेचे आभार मानण्याची वेळ, रब्बीची पिकं डोलण्याची वेळ. वेळेचा इथे काडीचा संबंध नाही. 2024 साली हा सण 11 जानेवारीला आला आणि पुन्हा 30 डिसेंबरलाही आला. वेळेच्या नावाचा सण इतका बेवेळ नसतो! लिहिणाऱ्यांनी शेजारच्या कानडी घरात विचारलं असतं तर अर्ध्या मिनिटात उत्तर मिळालं असतं. कानडीत या दिवसाला 'एळ्ळ अमावास्ये' म्हणतात, आणि 'एळ्ळु' म्हणजे तीळ. संक्रांतीला आपण तिळगूळ देतो तेव्हा ते 'एळ्ळु-बेल्ला' देतात, तोच हा एळ्ळु.

कानडी बोलताना शब्दारंभीच्या 'ए'च्या आधी हलका 'य' लागतो. म्हणून कानाला येळ्ळु ऐकू येतं, आणि सौंदत्तीची एल्लम्मा आपण यल्लम्मा लिहितो. येळ्ळ अमावास्येतलं 'ळ्ळ' मराठी तोंडात सैल झालं, येळ अमावस्या झाली. इथवर सगळं ठीक होतं. पुढे शिकलेला माणूस आला. येडा म्हणजे वेडा, येल म्हणजे वेल, येग म्हणजे वेग, हे त्याला ठाऊक. म्हणजे येळचं शुद्ध रूप वेळ! चूक नसलेली चूक त्याने दुरुस्त केली. मग नुसती 'वेळ' ओकीबोकी वाटली म्हणून तिचं अनेकवचन करून 'वेळा' केलं. लातूर-धाराशिवकडचं 'येळवस' हे रूप त्यापेक्षा कितीतरी प्रामाणिक आहे: येळ कानडी आणि अवस आपली अवस-पुनवेतली.

दुसरा पंथ 'सात'वाल्यांचा. कानडीत सातला 'एळु' म्हणतात, म्हणून ही सातवी अमावस्या, ज्येष्ठापासून मोजून बघा, असं ते ठासून सांगतात. मोजा. ज्येष्ठ, आषाढ, श्रावण, भाद्रपद, आश्विन, कार्तिक, मार्गशीर्ष: सात भरतात खरे. पण 2023 साली अधिक श्रावण होता. त्यामुळे 11 जानेवारी 2024 ची मार्गशीर्ष अमावस्या आठवी झाली. त्या वर्षी कुणी नाव बदललं का? शिवाय कानडीत सातवा म्हणजे 'एळने', त्यातला 'ने' मधेच कुणी गिळला? आणि सातातला ए दीर्घ, ळ एकेरी. तिळातला ए ऱ्हस्व, ळ दुहेरी. देवनागरीत ऱ्हस्व-दीर्घ ए वेगळे दिसत नाहीत, तेवढ्या आडोशावर हा पंथ उभा आहे.

येळ म्हणजे खरोखर वेळ असतो असा शब्द आपल्या स्वयंपाकघरातच आहे, फक्त ती घड्याळातली वेळ नव्हे. पुरणाची डाळ शिजवून निथळलेलं पाणी म्हणजे येळवणी. खानापूरच्या भातपट्ट्यात भाताच्या तोंडावर वेळणी धरून पेज काढतात, ते वेळणे. वेळणे अधिक पाणी, वेळवणी. गुळाचं पाणी ते गुळवणी, तसंच. समासात 'पाणी'तल्या प चा व होतो, कपाटाचं कवाड झालं तसा. म्हणजे येळवणीतला य हा व चा गावठी वेश, आणि येळ अमावस्येतला य हा कानडी उच्चाराची सावली. दोन्हींना एकच साबण लावला की असा घोळ होतो.

आता खरी गंमत. तमिळमध्ये तीळ म्हणजे 'एळ्', आणि 'नेय्' म्हणजे तूप, स्निग्ध पदार्थ. दोन्ही मिळून 'एण्णेय्', तेल. कानडीत त्याचं 'एण्णे' झालं. आपल्याकडे तिळापासून तैल आणि तेल, तिकडे एळ्पासून एण्णे! दोन वेगळ्या भाषाकुळांनी तेल या वस्तूचं नाव एकाच दाण्यावरून पाडलं. शेंगदाण्याचं असो, करडईचं असो, बोलताना आपण सगळे तीळच बोलतो. येळ अमावस्येच्या पंगतीत जे भरलं वांगं असतं ते 'एणगाई', म्हणजे एण्णेगायि, तेलातली फळभाजी. तेव्हा त्या वांग्याच्या नावातही तीळ आहेत आणि पोटातही असायला हवेत. अर्धा किलो लहान वांग्यांना अर्धी वाटी शेंगदाण्याचं कूट, दोन चमचे तीळ, एक चमचा कारळे. देठ ठेवून चार चिरा द्यायच्या. कारळे मंद आचेवरच भाजायचे. जास्त भाजले की कडू होतात आणि तो कडवटपणा कितीही गूळ घातला तरी जात नाही.

कारळ्याचं नाव आलंच आहे तर हेही. कानडीत कारळ्याला 'गुरेळ्ळु' म्हणतात आणि 'हुच्चेळ्ळु'ही. हुच्चु म्हणजे वेड. हुच्चेळ्ळु म्हणजे येडे तीळ. (इथे मात्र येडे म्हणजे वेडेच.) मराठी 'कारळे' हासुद्धा 'कार्', म्हणजे काळा, अधिक 'एळ्ळु' असा सरळ कानडी शब्द आहे असं माझं ठाम मत आहे. काळे तीळ, दुसरं काय? काळ्यावरून कारळे झालं म्हणणाऱ्यांनी एवढंच सांगावं, मधला र कुठून टपकला आणि शेवटचा ळ कशासाठी राहिला.

पानावर तीळ कुठे कुठे असतात हे पाहिलं तरी नावाचा उलगडा होतो. पहिली सज्जीची भाकरी. सज्जी म्हणजे बाजरी. पीठ दोन-तीन दिवसांतलं हवं. बाजरीचं पीठ लवकर खवट होतं आणि मग तीळ त्याला झाकू शकत नाहीत. पीठ कढत पाण्यात मळायचं, कारण चिकटपणा नसल्यामुळे गार पाण्यातल्या भाकरीच्या कडा फाटतात. अर्धी थापून झाली की वर तीळ पसरून ओल्या तळव्याने दाबायचे आणि मग उरलेली थापायची. आधी पूर्ण थापून वरून तीळ टाकले तर ते तव्यातच गळतात. तिळाची बाजू वर ठेवून तव्यावर टाकायची, वरून पाण्याचा हात फिरवायचा. तीळ आधी तव्याला लागले तर तडतडून उडतात, राहतात ते करपतात.

दुसरी आंबील, हिच्यात मात्र तीळ नसतात. एक किलो ज्वारीचं पीठ रात्री दोन लिटर ताकात भिजवायचं, सकाळी चार-पाच लिटर उकळत्या पाण्यात ओतून न थांबता ढवळत शिजवायचं. थांबलं की तळाला गुठळ्या. पूर्ण गार झाल्यावरच आणखी दोन लिटर ताक, ठेचलेला लसूण, जिरं, मीठ, कोथिंबीर. गरम आंबिलीत ताक ओतलं की फुटतं. एवढ्यात पंचवीस माणसं निघतात. शेंगापोळी आणि तिळाची पोळी आदल्या दिवशीच होतात. त्या टिकतात, म्हणून शेतात चालतात.

आणि पंगत बसायच्या आधी चरग. केलेल्या प्रत्येक पदार्थातलं थोडं थोडं बुट्टीत घेऊन पिकात चारी बाजूंनी टाकत जायचं, मागून एकाने पाणी शिंपडत यायचं. पहिलं जेवण रानाचं, मग माणसांचं. 'चरग' हा संस्कृत 'चरु'चाच अवतार असावा असं मला वाटतं: यज्ञात अग्नीला द्यायचा तो चरु, इथे काळ्या मातीला. अमावस्येला पितरांना तिळाचं पाणी देतातच, तेव्हा ही 'तिळाची अमावस्या' आधी पितरांची आणि मग रानाची झाली असावी, हाही माझाच तर्क. पटत नसेल तर तीळ या अमावस्येला कुठून आले ते दुसरं काही सुचवा, पण कृपा करून वेळ सुचवू नका.

हे सगळं अथणी, रायबाग, गोकाक, सौंदत्ती अशा काळ्या मातीच्या, शाळू-हरभऱ्याच्या पट्ट्यातलं. भाताच्या पट्ट्यातल्या कुणाला हा शब्द परका वाटला तर त्यात नवल नाही. या दिवसांत त्यांच्या शेतात भाताचे खुंट असतात, चरग कशात टाकणार?

राहिलं जोडून की तोडून. तोडून. 'येळ अमावस्या' लिहा, 'येळ्ळ अमावस्या' लिहिलंत तर अधिक चांगलं. 'येळवस' तेवढं जोडून. आणि फळ्यावरचा 'वे' पुसायला ओलं फडकं घ्या, कोरड्याने खडू नुसता पसरतो.