आईने लिहून ठेवलेली वही

प्रश्न: युगांडातल्या एचआयव्ही असलेल्या बायका आपल्या मुलांसाठी 'मेमरी बुक' लिहून ठेवायच्या असं मध्ये वाचलं आणि जरा अंगावरच आलं. पोराच्या हातात अशी वही देणं म्हणजे आपण हार मानली असं सांगण्यासारखंच नाही का?

उत्तर: अंगावर येतं हे खरंय, पण हार मानलेली बाई कशाला वही लिहायला बसेल? 1992 मध्ये तिथल्या पॉझिटिव्ह बायकांनीच नाक्वोला नावाची संघटना काढली आणि पुढे या वह्यांचं काम गावोगाव नेलं. तेव्हा औषधं गावातल्या बाईच्या आवाक्यात नव्हतीच, नवरा बहुतेकदा आधीच गेलेला, आणि कितीदा तरी सासरची माणसं येऊन जमीन, घर, अगदी भांडीकुंडी पण उचलून न्यायची, वर रोग हिनेच आणला म्हणून हिलाच ऐकवायची.

वहीत काय, तर तू कुठे जन्मलास, लहानपणी काय खायचास, बाबा कसे होते, आजी-आजोबांची नावं, फोटो असलाच तर चिकटवलेला, आणि कूळ. कुळाचं आपल्याला किरकोळ वाटेल पण युगांडातल्याच बुगांडा नावाच्या जुन्या राज्यात मूल वडिलांच्या कुळाचं धरतात, कोणाचं कूळ बिबट्याचं, कोणाचं नाकतोड्याचं, नाव त्यातूनच मिळतं आणि एका कुळात लग्न चालत नाही. आईबाप दोघंही गेले तर हे पोराला कोण सांगणार?

अवघड पान वेगळंच असायचं, आईच्या आजाराचं. ते मुलाला शेजारी बसवून लिहायचं म्हणजे तोंडाने सांगावंच लागतं, आणि एकदा बोलणं निघालं की माझ्यानंतर तू कोणाकडे राहशील हेही विचारता येतं. नाहीतर मोठी माणसं परस्पर ठरवून मोकळी, भावंडं चार घरांत वाटली जायची.

2004 पासून सरकारी दवाखान्यांत एआरव्ही, म्हणजे एचआयव्हीला आवरणारी औषधं, फुकट मिळायला लागली, त्यामुळे मरणाच्या तयारीने वही लिहायला घेतलेल्या काही जणी चांगल्या जगल्या, मुलं मोठी झालेली त्यांनी बघितली.

मला खटकतं ते एवढंच की वही कितीही मनापासून लिहा, दीर काय जमीन सोडत नाही. ते या बायकांनाही पक्कं माहीत होतं, म्हणून वहीच्या जोडीला मृत्युपत्र कसं करायचं तेही त्या एकमेकींना शिकवायच्या.