भीती रक्तात असते का?

प्रिय मित्रा,

वडील बावन्नाव्या वर्षी हार्टअटॅकने गेले, आजोबाही पन्नाशीतच. आता रात्री छातीत धडधडलं की झोप उडते, आणि ही भीतीसुद्धा वारशातच आली का, असं तू विचारतोस.

थोडी आली असेल. जुळ्यांच्या अभ्यासांवरून दिसतं, की काळजीखोर स्वभावात माणसामाणसांत जो फरक असतो, त्यातला साधारण ४० टक्के जनुकांमुळे असतो. पण हा आकडा समूहाचा. एकट्या तुला तो लावता येत नाही. खास मरणाच्या भीतीचं जनुक तर कुणाला सापडलेलंच नाही. डोनाल्ड टेम्पलर यांनी १९७० साली मृत्युचिंता मोजायला १५ विधानांची प्रश्नावली केली. पुढच्या वर्षीच्या अभ्यासात त्या प्रश्नावलीतले मुलांचे गुण आईवडिलांच्या गुणांशी जुळले. पण सगळ्यांत जास्त जुळले ते नवराबायकोचे. त्यांचं कुठे रक्ताचं नातं! (आपल्याकडे मामाची मुलगी केलेली असते, ते सोड.) बाबांचा विषय निघाला की आई टीव्हीचा आवाज वाढवते, हे तूच लिहिलंयस. मला तर भीतीचा उगम तिथेच जास्त दिसतो.

आता छातीचं. वारशाने येणारं जादा कोलेस्टेरॉल आईवडिलांपैकी एकात असलं, तर प्रत्येक मुलाला ते येण्याची शक्यता ५० टक्के. पण त्याची शंका लिपिड प्रोफाइल या रक्ताच्या साध्या तपासणीतच येते: एलडीएल, म्हणजे वाईट कोलेस्टेरॉल, १९०च्या वर. आणि त्यावर गोळ्या आहेत. हंटिंग्टन या वारशाने येणाऱ्या मेंदूच्या आजाराचं तसं नाही. त्याचं जनुक १९९३ साली सापडलं, तपासणी आहे, पण आजार थांबवणारं औषध नाही. म्हणून धोका असलेले बहुतेक लोक ती करूनच घेत नाहीत. तुझा प्रश्न तसला नाही. ते जनुकं तपासायचं ऑनलाइनचं थुंकीचं किट राहू दे. आधी लिपिड आणि ईसीजी कर, धडधडीचंही डॉक्टरांना सांग. चालताना छाती दाटली, तर मात्र त्याच दिवशी दवाखाना गाठ.

डॉक्टर घरातला इतिहास विचारतीलच. रामकुंडावर गुरुजींनी चोपडी उघडून पणजोबांपर्यंतची नावं दाखवली होती ना? त्यात नाव, गाव, सही सापडते. कोण कशाने गेलं, ते आत्यालाच ठाऊक. पंचवटीत जाऊन तिच्याकडून प्रत्येकाचं वय, शुगर, बीपी, तंबाखू लिहून आण. ती म्हणेल, "नजर लागली रे." तेही लिही, आणि मग विचार, की कळ आली तेव्हा आजोबा काय करत होते.

तुझा,
सर