वडील शेतकरी होते, आयकराचा रिटर्न कधी भरला नाही. अपघाती मृत्यूची भरपाई कोर्ट कशी ठरवतं?

वडील 52 वर्षांचे, मागे आई आणि तुम्ही दोघं भावंडं, असं तुम्ही लिहिलंय. आकडेमोड आधी उरकतो. महिन्याचं उत्पन्न धरायचं. शेती किंवा स्वतःचा धंदा असेल आणि वय पन्नाशीच्या पुढचं असेल तर त्यात 10 टक्के वाढवायचे. अवलंबून तिघं, म्हणून एक तृतीयांश त्यांचा स्वतःचा खर्च म्हणून वजा. बाराने गुणायचं, मग वयानुसार ठरलेल्या गुणकाने, 52 वयाला तो 11. हे सुप्रीम कोर्टाच्या 2009 च्या सरला वर्मा आणि 2017 च्या प्रणय सेठी निकालांतून आलंय. तुमच्या वकिलाला ते तोंडपाठ नसेल तर वकील बदला.

खरी मारामारी पहिल्याच शब्दावर होते. उत्पन्न किती? आणि मेलेला माणूस शेतकरी असला की समोरून हमखास येतं, "जमीन तर आहेच ना?"

आमचा दादा 2018 च्या सप्टेंबरात कवलापूरच्या पुढे ट्रकच्या धडकेत गेला. वय 36. तासगाव तालुक्यात दोन एकर द्राक्षबाग, सगळा माल बेदाण्याला. फळछाटणी तोंडावर आलेली. मी शिक्षक, मला कात्री नीट धरता येत नाही. वहिनीला सगळं कळत होतं, पण पदरात दोन लहान पोरं आणि आजारी सासू. शेवटी बाग आमच्या चुलत्यांनी, तात्यांनी केली. निमे वाट्याने. खर्च वजा जाता निम्मं त्यांचं, तसं स्टॅम्पवर लिहून घेतलं. लिहून घेण्याचा आग्रह त्यांचाच, हे लक्षात ठेवा.

विमा कंपनीने लोकअदालतीत नऊ लाख देऊ केले. तात्या म्हणाले, "घ्या की गप. बाग कुठं पळून चाललीय?" मी नाही म्हणालो. त्या दिवसापासून आमचं बोलणं तुटक.

उलटतपासणीत कंपनीच्या वकिलाने वहिनीला चारच प्रश्न विचारले. बाग आहे का? आहे. माल निघतो का? निघतो. सातबारा कुणाच्या नावावर? माझ्या न पोरांच्या. मग नुकसान काय झालं? वहिनी गप्प. तिला खोटं बोलता येत नव्हतं आणि खरं सांगायला शब्द सापडेना. मग त्याने 2003 चा हरियाणातला सुप्रीम कोर्टाचा निकाल काढला. जमीन वारसांकडेच राहते, फार तर देखरेखीला माणूस ठेवावा लागेल, म्हणून शेतीच्या उत्पन्नाला नेहमीचा नियम जसाच्या तसा लावता येत नाही, असा त्याचा रोख. देखरेखीचे महिना पाच हजार धरा म्हणाला. हिशेब करून बघा. 40 टक्के वाढ (दादा चाळिशीच्या आत), अवलंबून चौघं म्हणून पाव हिस्सा वजा, गुणक 15. होतात 9 लाख 45 हजार. लोकअदालतीतले नऊ लाख कुठून आले ते मला तेव्हा उमगलं.

आमच्या वकिलाने तात्यांना साक्षीला बोलावलं. निम्मा वाटा कशाचा घेता, एवढंच विचारलं. तात्या तापलेच होते. "राबण्याचा. फुकट कोण करतंय?"

झालं. अडत्याकडच्या विक्रीच्या दोन वर्षांच्या पट्ट्या आणि खर्च लावून वर्षाला निव्वळ 3 लाख 60 हजार निघत होते. निम्मे 1 लाख 80 हजार, म्हणजे महिना पंधरा हजार. जे दादा स्वतः करायचा त्याची ही किंमत, तात्यांच्याच सहीची. कोर्टाने ती धरली. त्याच हिशेबाने 28 लाख 35 हजार, शिवाय वहिनी, पोरं, आई यांना सहवास गेल्याचे वेगळे, अंत्यविधीचे वेगळे, अर्जाच्या तारखेपासून व्याज. पोरांचा हिस्सा अठरा वर्षं होईपर्यंत ठेवीत अडकवला, हे बरंच झालं. नाहीतर त्यावरही सल्ले आले असते.

तात्या अजून लग्नाकार्यात सांगतात, पुतण्याने मला कोर्टात खेचलं. खेचलं. पुन्हा वेळ आली तर पुन्हा खेचीन. बाग जागेवरच होती, तर अर्धा माल कशाला नेलात? त्यांचा थोरला इथे उत्तरं वाचत असतो, त्याने घरी जाऊन हे वाचून दाखवावं.

आमच्याकडे वाट्याचा कागद होता म्हणून हे जमलं, प्रत्येक कोर्ट असंच धरेल असं नाही. तुमच्या वडिलांची चूक निघाली तर तेवढे टक्के कापतात. आणि 1 एप्रिल 2022 पासून अर्जाला सहा महिन्यांची मुदत आहे. त्यावर वाद सुप्रीम कोर्टात गेलाय, पण त्या भरवशावर बसू नका.

रिटर्न नाही म्हणून घाबरू नका, आमच्याकडेही नव्हता. पीकपाहणीचा सातबारा, सोसायटीच्या कर्जाचा उतारा, अडत्याच्या पट्ट्या काढा. शेतीच्या औषधांच्या दुकानातली उधारीची वही मात्र आजच जाऊन मागा. पाडव्याला नवी वही सुरू झाली की जुनी रद्दीत जाते. दादाचं एक अख्खं वर्ष आमच्या हातून असंच गेलं.