बक्षिसी कुणाला, किती आणि कुणाच्या हातात?

मे महिन्यात मुलीचं लग्न आहे. कार्यालय, केटरर, मांडव, सगळ्यांचे पैसे ठरले आहेत. तरी वर बक्षिसी द्यावीच लागते म्हणतात. कुणाला किती द्यायची आणि त्या गडबडीत वाटायची कशी?
– वधूमाता, नाशिक

ज्याच्याशी तुम्ही दर ठरवला, त्याला बक्षिसी द्यायची गरज नाही. त्याचा नफा त्या दरातच असतो. बक्षिसी त्याच्या हाताखाली राबणाऱ्यांसाठी. केटररला नाही, आचाऱ्याला आणि वाढप्यांना. फोटोग्राफरला नाही, दिवे धरून दिवसभर उभ्या राहणाऱ्या त्याच्या पोऱ्याला. मेकअप करणाऱ्या ताई स्वतःच मालक असतील तर त्यांची खणा-नारळाने ओटी भरा आणि त्यांच्या मदतनीस मुलीला पाकीट द्या.

शहरातल्या साधारण 300 माणसांच्या लग्नाचा अंदाज सांगतो. मुख्य आचारी 1000, त्याचे चार मदतनीस प्रत्येकी 300, पंधरा वाढपी प्रत्येकी 100, भांडी घासणाऱ्या चार बायका प्रत्येकी 200, कार्यालयाचे चार सफाई कामगार प्रत्येकी 200, वॉचमन 200, तीन ड्रायव्हर प्रत्येकी 300, फोटोवाल्यांचे दोन मदतनीस प्रत्येकी 300, मेकअपची मदतनीस 300 आणि सनई-चौघडेवाले मिळून 500. एकूण 7800 रुपये. हात आखडता असेल तर ड्रायव्हर आणि फोटोवाल्यांचे कमी करा, पण भांडीवाल्या बायकांचे करू नका. त्या मागच्या अंगणात असतात, कुणाच्या नजरेला पडत नाहीत आणि नेमक्या त्याच राहून जातात.

वाटपात घोटाळा होतो तो वेळेचा. वाढपी बहुतेक रोजावरचे असतात. शेवटची पंगत उठली की कपडे बदलून दुसऱ्या कामावर पळतात. तुम्ही पाठवणी आटपून पाकिटं घेऊन जाता तेव्हा तिथे फक्त सुपरवायझर उरलेला असतो. म्हणून शेवटची पंगत बसली की लगेच, स्वयंपाकघराच्या दाराशी, एकेकाच्या हातात द्या. सफाईवाल्यांचं उलटं आहे. त्यांचं खरं काम तुम्ही गेल्यावर सुरू होतं. त्यांची पाकिटं कार्यालयाची अनामत परत घ्यायला जाल तेव्हा, त्यांना समोर बोलावून द्या. मॅनेजर ‘माझ्याकडे द्या, मी वाटतो’ म्हणाला तरी नको. अनामतीतून सफाईचे पैसे कापले असतील, तर तो कार्यालयाचा आकार आहे. त्यातलं कामगारांना काही मिळतं असं धरू नका.

पाकिटांवर नाव नको, काम लिहा: ‘वाढपी’, ‘भांडी’, ‘वॉचमन’. माणसं किती, हे केटररला दोन दिवस आधी विचारा आणि चार-पाच पाकिटं जादा ठेवा, कारण ऐनवेळी माणसं वाढतात. शंभराच्या नोटा आठवडाभर आधी बँकेतून आणा. कोऱ्या नोटांच्या बंडलासाठी वर पैसे मोजू नका, वापरलेल्या स्वच्छ नोटा चालतात. ही पिशवी वधूच्या आईवडिलांकडे नको, त्यांना क्षणाची उसंत नसते. एखादा मामा किंवा आतेभाऊ नेमा. वरपक्षाशीही आधीच बोलून घ्या. नाहीतर आचाऱ्याला दोनदा मिळतं आणि वॉचमनला एकदाही नाही.

आणि पाकिटाच्या आधी जेवण! ड्रायव्हर, फोटोवाले, मांडववाले, चौघडेवाले यांची 15-20 पानं केटररला सांगतानाच धरा. ताटं मोजून पैसे लागतात, त्यामुळे ती मोजणीत नसली की वाढताना कुणीतरी त्यांना अडवतं. यजमानाच्या दारात यापेक्षा वाईट काही नाही.

रिसेप्शन हॉटेलात आहे. अंदाजपत्रकात 10 टक्के सर्व्हिस चार्ज लावला आहे. म्हणजे वेगळी बक्षिसी नको ना?
– वरपिता, ठाणे

आधी तो आकार काढायला सांगा. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाच्या 4 जुलै 2022 च्या मार्गदर्शक सूचनांनुसार हॉटेलला सर्व्हिस चार्ज बिलात आपोआप लावता येत नाही, दुसऱ्या नावानेही नाही, आणि तो बिलात मिळवून त्यावर जीएसटीही लावता येत नाही. दिल्ली उच्च न्यायालयाने मार्च 2025 मध्ये या सूचना कायम ठेवल्या. आगाऊ रक्कम भरण्याआधी बोला, नंतर घासाघीस अवघड जाते. ऐकलं नाही तर ग्राहक हेल्पलाइन 1915 वर तक्रार करता येते. वाचलेल्या पैशांतून वाढणाऱ्यांना रोख द्या.

गुरुजींनी रक्कम आधीच सांगितली आहे. वर दक्षिणा द्यायची का?
– वाचक, सांगली

सांगितलेली रक्कम हीच मुख्य दक्षिणा. ती साहित्यासह आहे की साहित्याशिवाय, एवढं स्पष्ट करून घ्या, वाद तिथेच होतो. विधी चालू असताना मात्र पूजेत आणि ताम्हणात ठेवायला सुटे पैसे सतत लागतात. रुपयाची 20-25 नाणी आणि दहाच्या तेवढ्याच नोटा वधूपित्याजवळ डबीत असू द्या, म्हणजे बोहल्यावरून कुणाला सुट्यांसाठी पळावं लागणार नाही. दक्षिणा 501, 1101 अशी रुपया वाढवून द्या. वाढप्यांना तसं करायची गरज नाही. दोन्हीकडचे गुरुजी असतील तर ज्याने त्याने आपापल्यांचं बघावं.

वरातीत बँडवाले दर चौकात थांबतात आणि नोटा ओवाळल्याशिवाय पुढे सरकत नाहीत. काय करावं?
– नवरदेवाचा भाऊ, कोल्हापूर

सुपारी देतानाच मास्तरना सांगा: बक्षिसी एकदाच, कार्यालयाच्या दारात, ठरल्या वेळी पोहोचलो तर. 1000-1500 रुपये ठरवा आणि सगळ्या वाजंत्र्यांसमोर द्या, म्हणजे किती आले हे त्यांनाही कळतं. घोडेवाल्याला 300 वेगळे.

नोटा उधळू नका. रिझर्व्ह बँकेनेही तसं आवाहन केलेलं आहे. त्याहून मोठं कारण म्हणजे नोटा वेचायला लहान मुलं थेट घोड्याच्या पायांत शिरतात. ढोल-ताशाने आधीच बिचकलेलं जनावर लाथ कधी मारेल सांगता येत नाही.

वरात तुमच्यामुळे तासभर लांबली, तर त्या तासाचे पैसे हा त्यांचा मेहनताना आहे. तो बक्षिसीत धरू नका. जादा तासाचा दरही सुपारीच्या वेळीच लिहून घ्या.

आम्ही न्यू जर्सीत राहतो, लग्न पुण्यात करतोय. इथल्यासारखी 18-20 टक्के टिप धरायची का?
– वरमाता

नको. इथे बक्षिसी बिलाच्या टक्क्यांवर ठरत नाही, माणसागणिक ठरते. पाच लाखांच्या केटरिंगवर 20 टक्के म्हणजे एक लाख रुपये होतात, आणि एवढी रक्कम ठेकेदाराच्या खात्यात गेली तर वाढप्याच्या हातात किती पडेल सांगता येत नाही. वर दिलेला हिशेब धरा. हौसेने जास्त द्यायचंच असेल तर वाढप्याला 100 ऐवजी 200 द्या, पण सगळ्यांना सारखे. एकाला 500 आणि शेजारच्याला 100 दिले की स्वयंपाकघरात तिथल्या तिथे भांडण लागतं आणि मठ्ठा वाढायला कुणी उरत नाही.