मुलगा एकाच काकांच्या खोड्या काढतो, काय करू?

पाहुण्यांत नेमक्या एकाच काकांच्या खोड्या काढतो, मारूनही सुधारत नाही, असं लिहिलंय तुम्ही. एकाच काकांच्या? मग आधी त्या काकांकडे बघा.

१९८७ चा माघी गणपती. आमचं घर रत्नागिरीजवळ, मी नऊ वर्षांचा. मुंबईहून आलेले आतोबा पाया पडायला वाकलेल्या पोराचा कान धरायचे आणि एकोणतीसचा पाढा म्हणायला लावायचे. चुकलं की पिळायचे. ओटीवर सगळे हसायचे. मीही हसायचो, रडलो तर आणखी हसतील म्हणून.

गडग्यावर खाजकुयली वाळली होती. शेंगांवर सोनेरी मखमल, पण हात लावायची सोय नाही. काठीने एक शेंग पाडली, फणसाच्या पानावर घेतली, वाऱ्याकडे पाठ केली आणि श्वास रोखून न्हाणीजवळच्या वलणीवरच्या आतोबांच्या पंच्यावर झटकली.

पुढे आतोबा चड्डीवर खळ्यात नाचतायत आणि आजी शेणाचा गोळा घेऊन मागे, "खाजवू नका हो, कुसं आत जातात!" मी सापडलो कारण माझंही डावं मनगट खाजत होतं. बाबांनी चिव्याच्या काठीने फोडून काढला. का केलंस, हे एकानेही विचारलं नाही.

अजून लग्नाकार्यात हा किस्सा निघतो, 'काय द्वाड होता!' कानाचं कुणी काढत नाही. परवा चुलतभाऊ म्हणाला, अरे, प्रेमाने करायचे ते. प्रेमाने कान दिवसभर लाल राहतो? आणि त्या माघीनंतर आतोबांनी माझ्या कानाला एकदाही हात लावला नाही, हे त्याला पक्कं ठाऊक आहे. कबूल करायचं नाही एवढंच.

तेव्हा मारणं बंद करा. मुलाला एकट्याला घेऊन विचारा. काही निघालं तर काकांना तुम्हीच सांगा, त्याला सांगायला लावू नका.

बाकी मी केलं ते बरोबर, असं नाही. कुसं डोळ्यात गेली असती तर भलतंच होऊन बसलं असतं. आणि तुमचा मुलगा नुसता वात्रटही असू शकतो, मला काय माहीत.

आतोबा हल्ली कंपवातासाठी वैद्यांकडचं कवचबीज चूर्ण घेतात. ते खाजकुयलीच्याच बियांचं असतं, हे त्यांना मी अजून सांगितलेलं नाही.